स्क्वॉशचं जागतिक अजिंक्यपद: एक खोली, दोन खेळाडू आणि वाट देण्याचा कायदा

डिसेंबर २०२५ मध्ये चेन्नईत भारताने स्क्वॉशचा विश्वचषक जिंकला. जोश्ना चिनप्पा, अभय सिंग, अनाहत सिंग आणि वेलवन सेंथिलकुमार यांच्या संघाने अंतिम फेरीत हाँगकाँगला ३-० असं हरवलं. बातमी आली तेव्हा पणजीत, फोंड्यात भेटलेल्या अनेकांनी एकच शंका विचारली: मग आता स्क्वॉशचा जगज्जेता भारतीय का?

संघ म्हणून विश्वचषक आपला, हे खरं. पण पुरुषांमधला जगज्जेता ठरतो तो दुसऱ्याच स्पर्धेत. चेन्नईची स्पर्धा सांघिक होती. प्रत्येक लढतीत दोन पुरुष आणि दोन महिला खेळत होत्या आणि गेम सात गुणांचा होता. वैयक्तिक जागतिक अजिंक्यपद स्पर्धेत खेळाडू एकटा उतरतो, गेम अकरा गुणांचा असतो आणि पुरुषांच्या गटात ६४ जण असतात. ती व्यावसायिक स्क्वॉश संघटनेची, म्हणजे पीएसएची स्पर्धा. हा लेख तिच्याबद्दल आहे. ती समजून घ्यायची तर आधी हा खेळ नेमका कशावर जिंकला-हरला जातो ते कळायला हवं, कारण टीव्हीवर पहिल्यांदा बघणाऱ्याला त्यातलं सर्वांत महत्त्वाचं दिसतच नाही.

खोली, चार भिंती आणि खालची पट्टी

कोर्ट ९.७५ मीटर लांब आणि ६.४ मीटर रुंद. चारही बाजूंना भिंती. दोघे खेळाडू एकाच बाजूला, समोरच्या भिंतीकडे तोंड करून उभे. मध्ये जाळी नाही. प्रत्येकाने आपल्या पाळीत चेंडू समोरच्या भिंतीवर पोचवायचा. वाटेत तो बाजूच्या किंवा मागच्या भिंतीला लागला तरी चालतो. दुसऱ्याने तो जमिनीवर दोनदा टप्पा पडायच्या आत परत मारायचा.

समोरच्या भिंतीवर ४.५७ मीटर उंचीवर एक रेषा असते, तिच्यावर चेंडू गेला की बाद. तळाशी पत्र्याची पट्टी असते, तिला टिन म्हणतात. तिला चेंडू लागला तरी गुण गेला. क्लबातल्या कोर्टात टिन ४८ सेंटिमीटर उंच असते. व्यावसायिक सामन्यांत ती ४३ सेंटिमीटर ठेवतात. पाच सेंटिमीटरचा हा फरक किरकोळ समजू नका. टिन खाली आली की पुढच्या कोपऱ्यात हळूच टाकलेला चेंडू आणखी खाली बसतो, प्रतिस्पर्ध्याला मागून पुढे धावत यावं लागतं आणि आक्रमक खेळणाऱ्याला हिमतीचं फळ मिळतं.

जमिनीवरच्या रेषा कोर्टाच्या मधोमध इंग्रजी टी अक्षरासारख्या मिळतात. त्या जागेलाच ‘टी’ म्हणतात. तिथून चारही कोपरे सर्वांत जवळ, म्हणून फटका मारून झाला की प्रत्येक जण तिथे परत यायला बघतो. जागा एक, हक्क सांगणारे दोन. पुढचं सगळं यातूनच निघतं.

चेंडू उसळत का नाही?

स्क्वॉशचा चेंडू हातात घेऊन कोणी जमिनीवर टाकला तर तो जवळजवळ तिथेच बसतो, आणि नवखा माणूस समजतो की तो खराब आहे. चेंडू आतून पोकळ रबराचा, व्यास ४० मिलिमीटर आणि वजन २४ ग्रॅमच्या आसपास. व्यावसायिक सामन्यात दोन पिवळ्या ठिपक्यांचा, म्हणजे सर्वांत कमी उसळणारा चेंडू वापरतात. त्याच्या मानकांनुसार २३ अंश सेल्सिअसला १०० इंचांवरून सोडलेला चेंडू निदान १२ इंच उसळला पाहिजे. ४५ अंशांना तो २५ ते ३० इंच उसळतो. भिंतीवर आपटून आपटून रबर गरम होतं, आतल्या हवेचा दाब वाढतो आणि चेंडू जिवंत होतो. म्हणून सामन्याआधी दोघे काही मिनिटं तो मारून तापवतात. खेळ रेंगाळला की तो पुन्हा थंड पडू लागतो.

यामुळे हवामान खेळात शिरतं. गरम कोर्टात चेंडू जास्त उसळतो, परत मारायला सोपा जातो, रॅली, म्हणजे एका गुणासाठीची फटक्यांची देवाणघेवाण, लांबतात आणि ज्याच्या फुफ्फुसांत दम जास्त त्याचं फावतं. थंड कोर्टात चेंडू लवकर मरतो आणि हलक्या मनगटाच्या, नाजूक फटके असलेल्या खेळाडूला संधी मिळते. आपल्याकडे त्यात दमटपणाची भर पडते. वातानुकूलन नसलेल्या कोर्टाच्या भिंतींना पावसाळ्यात घाम सुटतो आणि चेंडू त्यांवरून घसरत खाली येतो. त्याचा अंदाज बांधणं अवघड होतं. गोव्यात कोर्ट बांधणाऱ्याने रंगापेक्षा आधी हवा खेळती ठेवण्याचा विचार करावा तो याचसाठी.

वाट कोणी कोणाला द्यायची?

आता मुख्य मुद्दा. मला विचाराल तर स्क्वॉशचा आत्मा इथे आहे, आणि बहुतेक लेख हाच भाग दोन ओळींत उरकतात.

चवथीच्या दिवशी छोट्याशा स्वयंपाकघरात दोन जावा नेवऱ्या तळत आहेत असं समजा. चूल एक, जागा अपुरी. एकीने झारा टाकून नेवऱ्या काढल्या की तिने चटकन बाजूला सरकायचं, कारण आता दुसरीची पाळी. ती सरकली, पण जागाच इतकी कमी की दुसरीला धक्का लागला, तर दोष कोणाचाच नाही. पुन्हा नीट उभ्या राहतील. ती हललीच नाही, तर चूक तिची. आणि दुसरी अजून दारात असताना ‘तू वाटेत आलीस’ म्हणू लागली, तर तिच्या तक्रारीत अर्थ नाही.

स्क्वॉशमधले तीन निर्णय हेच आहेत. पहिल्या प्रसंगी रेफरी ‘लेट’ देतो: रॅली पुन्हा खेळायची. दुसऱ्या प्रसंगी ‘स्ट्रोक’: ज्याची वाट अडली त्याला सरळ गुण. तिसऱ्या प्रसंगी ‘नो लेट’: ज्याने तक्रार केली त्यानेच रॅली गमावली.

नियम फटका मारणाऱ्याला चार गोष्टींची हमी देतो. समोरच्या भिंतीवरून परत येणारा चेंडू त्याला स्पष्ट दिसला पाहिजे. चेंडूपर्यंत सरळ वाट मिळाली पाहिजे. रॅकेट फिरवायला जागा मिळाली पाहिजे. आणि समोरच्या भिंतीच्या कोणत्याही भागावर मारण्याची मोकळीक मिळाली पाहिजे. ही चौथी हमी नव्या प्रेक्षकाला बुचकळ्यात टाकते. एखादा खेळाडू रॅकेट उचलतो, फटका मारतच नाही, थांबून रेफरीकडे बघतो आणि त्याला गुण मिळतो. कारण प्रतिस्पर्धी नेमका त्याच्या आणि समोरच्या भिंतीच्या मध्ये उभा होता. त्याने मारलं असतं तर चेंडू माणसाच्या पाठीत बसला असता. अव्वल खेळाडूंच्या फटक्याचा वेग ताशी २८० किलोमीटरपर्यंत नोंदला गेला आहे. न मारणाऱ्याचं नुकसान होऊ नये म्हणून हा नियम आहे, आणि त्यामागे शहाणपण आहे.

रेफरी मनाशी साधारण असं तपासतो: वाट मोकळी असती तर हा चेंडूपर्यंत पोचून चांगला फटका मारू शकला असता का? नसता, तर नो लेट. असता, तर समोरच्याने बाजूला व्हायचा पूर्ण प्रयत्न केला का? केला असेल तर लेट, केला नसेल तर स्ट्रोक. आणि तो फटका हमखास जिंकणारा होता असं दिसलं, तर समोरच्याने कितीही प्रयत्न केलेला असो, स्ट्रोकच.

‘म्हणजे निकाल रेफरीच लावतो ना?’

हा आक्षेप खरा आहे आणि खेळाडूही तो घेतात. ‘पूर्ण प्रयत्न’ मोजायची पट्टी नाही. हुशार खेळाडू फटका मारून बाजूला होतो, पण अर्धा क्षण उशिरा, किंवा सरळ न जाता वळसा घेऊन. बघणाऱ्याला तो वाट देताना दिसतो. प्रत्यक्षात समोरच्याचं एक पाऊल चोरलेलं असतं. २०२५ मध्ये शिकागोत जागतिक अजिंक्यपद जिंकलेला इजिप्तचा मुस्तफा असल याच्यावर अशी टीका अनेकदा झाली आहे. त्याआधीच्या काळात शिस्तभंगाबद्दल पीएसएने त्याला निलंबितही केलं होतं. त्याच्या कौशल्याबद्दल कोणाला शंका नाही. खोलीतली जागा वाटून घेण्याबद्दल मात्र होती.

उपाय म्हणून मोठ्या स्पर्धांमध्ये व्हिडिओवरून फेरतपासणी आली. खेळाडूला ती मर्यादित वेळा मागता येते. तिच्यामुळे ढोबळ चुका कमी झाल्या, वाद संपले नाहीत. माझं मत असं की ते पूर्ण संपणारही नाहीत. हात न लावता एकमेकांच्या अंगावरून धावणाऱ्या दोन माणसांमध्ये न्याय करायचा तर कोणाच्या तरी नजरेवर विश्वास ठेवावाच लागतो. चांगल्या खेळाडूचा मोठेपणाही इथेच दिसतो: चार वेळा जगज्जेता झालेला अली फराग आपला चेंडू दोन टप्प्यांनी उचलला गेला असेल तर स्वतःहून सांगण्यासाठी ओळखला जायचा.

गुण असे का मोजतात?

आज सामना पाच गेमचा, तीन जिंकणारा विजयी. गेम ११ गुणांचा. १०-१० झाले की दोन गुणांची आघाडी लागते. सर्व्हिस कोणाचीही असो, रॅली जिंकली की गुण.

जुन्या पद्धतीत गेम नऊ गुणांचा होता आणि फक्त सर्व्हिस करणाऱ्यालाच गुण मिळायचा. परिणामी सर्व्हिस इकडून तिकडे जात राहायची, गुणफलक मात्र हलायचा नाही. १९८३ मध्ये इंग्लंडमधल्या चिचेस्टर इथे पाकिस्तानचा जहांगीर खान आणि इजिप्तचा गमाल अवाद यांचा सामना २ तास ४६ मिनिटं चालला. त्यातला एकटा पहिला गेमच ७१ मिनिटांचा होता. तो गेम जहांगीर हरला, सामना जिंकला. पुरुषांच्या व्यावसायिक खेळात पुढे आधी १५ गुणांची नवी पद्धत आली आणि २००४ पासून सध्याची ११ गुणांची. तरीही दमाची कसोटी संपलेली नाही: २०१५ मध्ये कॅनडात हाँगकाँगचा लिओ औ आणि कॅनडाचा शॉन डेलिएर १७० मिनिटं खेळत राहिले.

६४ जणांतून एक

गोव्याच्या वाचकाला बाद फेरीची स्पर्धा नव्याने समजावायला नको. २०२५ च्या नोव्हेंबरमध्ये हडफड्यात बुद्धिबळाचा विश्वचषक झाला. २०६ खेळाडू आले, जगज्जेता गुकेश तिसऱ्याच फेरीत बाहेर पडला आणि जिंकला उझबेकिस्तानचा तरुण जावोखिर सिंदारोव्ह. स्क्वॉशचं अजिंक्यपदही असंच: हरला तो घरी. ६४ जणांतून एक उरेपर्यंत सहा फेऱ्या, एकूण ६३ सामने. विजेत्याला सलग सहा जिंकावे लागतात.

फरक आहे तो शरीराच्या झिजेत. पहिल्या फेरीत तास-दीड तास झगडून जिंकलेला आणि पाऊण तासात मोकळा झालेला, दोघे पुढे जातात. पण चौथ्या-पाचव्या सामन्यात पाय सारखे राहत नाहीत. म्हणूनच मानांकनाला महत्त्व. क्रमवारीतल्या वरच्या खेळाडूंना ड्रॉमध्ये, म्हणजे कोण कोणाशी खेळणार त्या आखणीत, वेगवेगळ्या भागांत ठेवतात, म्हणजे पहिला आणि दुसरा मानांकित अंतिम फेरीआधी भेटत नाहीत. ‘हे तर मोठ्यांना झुकतं माप झालं’ असं कोणी म्हणेल. पण ते स्थान वर्षभर वेगवेगळ्या देशांत खेळून, गुण साठवून मिळालेलं असतं. खालच्यांसाठी पात्रता स्पर्धांचा दरवाजा आहे. मुंबईच्या वीर चोत्राणीने आशियाई पात्रता स्पर्धा जिंकून २०२५ च्या अजिंक्यपद स्पर्धेत जागा मिळवली ती त्याच दारातून.

मोठ्या स्पर्धेचं मुख्य कोर्ट काचेचं असतं आणि ते सुटे भाग जोडून कुठेही उभं करता येतं. २०१९ मध्ये शिकागोच्या युनियन स्टेशन या रेल्वे स्थानकात असं कोर्ट उभारून जागतिक अजिंक्यपद खेळवलं गेलं. बक्षिसांची एकूण रक्कम दहा लाख डॉलर होती, पुरुष आणि महिलांना निम्मी-निम्मी. टीव्हीवर चेंडू दिसत नाही ही तक्रार जुनी आहे, आणि पांढऱ्या भिंतींवर काळा चेंडू असायचा तेव्हा ती रास्तही होती. काचेच्या कोर्टात भिंती गडद दिसतात, चेंडू पांढरा असतो आणि कॅमेरा समोरच्या भिंतीतूनही बघू शकतो.

आधी पाकिस्तान, मग इजिप्त

ही स्पर्धा १९७६ मध्ये सुरू झाली. पहिली चार विजेतेपदं ऑस्ट्रेलियाच्या जेफ हंटने घेतली. १९८१ ते १९९६ या सोळा वर्षांत सोळा स्पर्धा झाल्या, त्यांतल्या चौदा पाकिस्तानच्या दोघांनी जिंकल्या: जहांगीर खानने सहा, जानशेर खानने आठ. दोघांच्या घराण्यांची मुळं पेशावरजवळच्या नवाकिल्ली या गावात. जहांगीर १९८१ पासून पाच वर्षांहून जास्त काळ अपराजित राहिला. १९८६ च्या अंतिम सामन्यात न्यूझीलंडच्या रॉस नॉर्मनने ती मालिका तोडली. जानशेरच्या १९९६ च्या विजयानंतर आजवर एकही पाकिस्तानी पुरुष जगज्जेता झालेला नाही. एका गावाच्या, काही कुटुंबांच्या हातातली विद्या होती ती. पुढची पिढी घडवणारी व्यवस्था तिच्याभोवती पुरेशी उभी राहिली नाही.

इजिप्तने तीच व्यवस्था उभारली. १९९६ मध्ये गिझाच्या पिरॅमिडांसमोर काचेचं कोर्ट मांडून स्पर्धा भरली आणि अहमद बरादा हा घरचा मुलगा थेट अंतिम फेरीत पोचला. तो जानशेरकडून हरला, पण देशभरातल्या मुलांनी ते पाहिलं. कैरो आणि अलेक्झांड्रियाच्या क्लबांमध्ये आठ-दहा वर्षांची मुलं जगातल्या अव्वल खेळाडूंच्या शेजारच्या कोर्टावर खेळतात, त्यांच्याशी सराव करतात. २००३ मध्ये अम्र शबाना हा पहिला इजिप्शियन जगज्जेता झाला. तेव्हापासून २०२५ पर्यंत झालेल्या २२ स्पर्धांपैकी १५ इजिप्तच्या खेळाडूंनी जिंकल्या, आणि हे विजेते एक-दोन नाहीत, सात वेगवेगळे. २०२४ मध्ये कैरोतच पेरूच्या दिएगो एलियासने इजिप्तची अलीकडची साखळी एका वर्षासाठी तोडली. दक्षिण अमेरिकेचा तो पहिला जगज्जेता.

आपण कुठे आहोत?

पुरुषांच्या वैयक्तिक अजिंक्यपदात भारताची मजल अजून उपांत्यपूर्व फेरीपर्यंतच आहे. सौरव घोषालने २०१३ मध्ये मँचेस्टरला ती गाठली. जागतिक क्रमवारीत पहिल्या दहांत पोचलेला तो पहिला भारतीय पुरुष. सांघिक खेळात आपण सरस आहोत. २०१४ च्या इंचॉन आणि त्यानंतर हांगझोऊच्या आशियाई स्पर्धेत पुरुष संघाने सुवर्ण जिंकलं. हांगझोऊच्या अंतिम लढतीत पाकिस्तानविरुद्ध १-१ बरोबरी असताना निर्णायक सामना अभय सिंगने जिंकला. मुंबईचा महेश माणगावकर या दोन्ही सुवर्णविजेत्या संघांत होता, आणि मराठी वाचकांना त्याचं नाव फारसं माहीत नसावं याची मला खंत वाटते.

‘संघ जिंकतो मग एकटा का नाही?’ याचं कारण वर आलेलं आहे. सांघिक लढतीत तीन-चार चांगले खेळाडू पुरतात. वैयक्तिक स्पर्धेत सलग सहा सामने, त्यांतले शेवटचे तीन बहुधा इजिप्तच्या खेळाडूंशी. त्यांच्या घरच्या सरावातच ज्या दर्जाचा खेळ रोज मिळतो, तो आपल्या मुलांना परदेशी जाऊनच मिळतो.

आता दडपण वाढणार आहे. २०१२, २०१६ आणि २०२० च्या ऑलिंपिकसाठी स्क्वॉशने दार ठोठावलं, ते उघडलं नाही. अखेर १६ ऑक्टोबर २०२३ रोजी, मुंबईत भरलेल्या आंतरराष्ट्रीय ऑलिंपिक समितीच्या अधिवेशनात, लॉस एंजेलिस २०२८ साठी त्याला मान्यता मिळाली. त्या दिवशी आपल्याकडच्या मथळ्यांत क्रिकेट होतं. लॉस एंजेलिसला स्क्वॉशची पदकं वैयक्तिकच असतील. चेन्नईच्या संघासारखी एकमेकांची साथ मिळणार नाही.

‘आम्हाला गोव्यात त्याचं काय?’

बरंच काही. २०१८ मध्ये जागतिक ज्युनियर स्पर्धा चेन्नईत झाली. जिंकला तो मुस्तफा असल, आणि भारतीय चमूत गोव्याचा यश फडते होता. गोव्याचीच आकांक्षा साळुंखे महिलांच्या व्यावसायिक स्पर्धांमध्ये खेळते. म्हणजे हा खेळ आपल्या मुलांच्या आवाक्याबाहेरचा नाही.

श्रीमंतांचा खेळ, हा आक्षेप राहतो, आणि तो झटकून टाकू नये. कोर्ट हॉटेलात, क्लबात किंवा मोठ्या गृहसंकुलात असेल तर शेजारच्या सरकारी शाळेतली मुलगी तिथे पोचत नाही. पण खेळ म्हणून स्क्वॉशला जागा किती लागते? ६२.४ चौरस मीटर, दुहेरीच्या बॅडमिंटन कोर्टापेक्षाही कमी. जून ते सप्टेंबर आपली मैदानं पाण्याखाली असतात तेव्हाही ते चालू राहतं. ताळगावच्या श्यामाप्रसाद मुखर्जी स्टेडियममध्ये जागतिक दर्जाची टेबल टेनिस स्पर्धा आपण भरवून दाखवली आहे. अशा प्रत्येक संकुलाला लागून दोन कोर्टं आणि शाळांसाठी राखीव वेळ, एवढं तालुक्यागणिक झालं तरी फरक पडेल. स्पर्धा आणण्याआधी ही मागणी व्हावी असं मला मनापासून वाटतं.

पहिला सामना कसा बघाल?

पीएसएच्या ‘स्क्वॉश टीव्ही’वर सामने दिसतात. पहिला गेम चेंडूमागे डोळे पळवू नका. कोर्टाच्या मधल्या ‘टी’वर नजर ठेवा आणि फटका मारून झाल्यावर तिथे आधी कोण पोचतो ते बघा. जो सतत मागच्या कोपऱ्यातून धावत येतो आहे, तो गुणफलकावर पुढे असला तरी थकतो आहे. दुसऱ्या गेममध्ये खेळ थांबला की रेफरीने बोलायच्या आत स्वतः ठरवा: लेट, स्ट्रोक की नो लेट? पाच-सहा वेळा चुकेल, मग जमू लागेल. तिसऱ्या गेमपर्यंत चेंडू आपोआप दिसायला लागतो.